लग्नाला न आलेली माणसं आणि गहाळ डेटा

या ब्लॉगवर आपण सहसा पेपर कसा वाचायचा, सॅम्पल किती घ्यायचं, गाईडशी कसं बोलायचं असे विषय घेतो. आजचा विषय घरगुती आहे. आपली जवळची माणसं आपल्या लग्नाला आली नाहीत तर जे वाटतं त्याचं काय करायचं, आणि त्याबद्दल रिसर्च काय सांगतो? यात संशोधनाला लागणारी एक मूलभूत गोष्टही शिकायला मिळते. ती म्हणजे, जो डेटा हातात नाही त्याच्याबद्दल काय बोलता येतं आणि काय नाही.

आधी प्रसंग सांगते. गेल्या वर्षी माझं लग्न झालं. आंतरजातीय, पण दोन्ही घरच्यांच्या संमतीने, कार्यालयात, साग्रसंगीत. मुहूर्ताच्या वेळी गुरुजींनी माईकवरून सांगितलं, "मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं." कोणी हललं नाही. गुरुजींनी परत सांगितलं. मग आईचे एक चुलतभाऊ पुढे झाले आणि त्यांनी मला हाताला धरून बोहल्यावर नेलं. सख्खा मामा आलाच नव्हता. फोन बंद.

त्या दिवशी अजून दोन माणसं आली नव्हती. हॉस्टेलवर चार वर्षं एका खोलीत काढलेली रूममेट, आणि थोरले काका. दोनशे ऐंशी माणसं जेवून गेली. पुढचे दोन महिने मला ती तीनच आठवत होती.

पहिलं दुखणं कारण विचारत नाही

माझ्या ताईचं लग्न एप्रिल २०२१च्या शेवटी झालं. तेव्हा महाराष्ट्रात 'ब्रेक द चेन'चे नियम होते: लग्नाला जास्तीत जास्त २५ माणसं आणि कार्यक्रम दोन तासांत आटोपायचा. त्याही लग्नात मामा नव्हता, तो व्हिडिओ कॉलवर होता. कोणाची काही चूक नव्हती, तरी ताई अक्षता पडताना रडली. मला तेव्हा वाटलं होतं, नियमच आहे तर रडायचं कशाला?

याचं उत्तर मला नंतर एका खेळात सापडलं. किपलिंग विल्यम्स हे सामाजिक मानसशास्त्रज्ञ एकदा आपल्या कुत्र्याला घेऊन बागेत बसले होते. दोन अनोळखी माणसांची फ्रिस्बी त्यांच्याजवळ येऊन पडली. त्यांनी ती परत फेकली, त्या दोघांनीही थोडा वेळ त्यांना खेळात घेतलं आणि मग फेकणं बंद केलं. दोन परक्या माणसांनी दोन मिनिटांच्या खेळातून वगळलं, तर एवढं का लागावं? या प्रश्नातून पुढे 'सायबरबॉल' नावाचा संगणकावरचा खेळ तयार झाला. पडद्यावर तीन खेळाडू असतात, त्यातले एक तुम्ही. थोड्या वेळाने बाकीचे दोघं तुमच्याकडे चेंडू टाकेनासे होतात. २००० साली या पद्धतीवरचा पेपर आला आणि आज वगळलं जाण्यावरच्या संशोधनात हे एक नेहमीचं साधन झालं आहे.

यातले दोन निकाल आपल्या कामाचे आहेत. २००४च्या एका अभ्यासात काही जणांना आधीच सांगितलं होतं की समोर माणसं नाहीत, संगणक आहे. तरी त्यांना तेवढंच लागलं. समोरच्या खेळाडूंना कोणाकडे चेंडू टाकायचा ते ठरवून दिलंय, असं सांगूनही फरक पडला नाही. दुसरा, नाओमी आयझेनबर्गर आणि सहकाऱ्यांचा २००३चा 'सायन्स'मधला पेपर. त्यात मेंदूचं स्कॅनिंग चालू असताना लोकांना हा खेळ दिला. पहिल्या फेरीत सांगितलं की तांत्रिक अडचणीमुळे तुम्हाला खेळात घेता येत नाहीये, फक्त बघा. शेवटच्या फेरीत मुद्दाम वगळलं. शारीरिक वेदनेशी जोडला जाणारा मेंदूचा एक भाग दोन्ही वेळा जास्त सक्रिय दिसला. म्हणजे अडचण तांत्रिक आहे हे माहीत असूनही.

ताईचं रडू हे त्या पहिल्या फेरीसारखं होतं. नियम डोक्याला कळतो, पण पहिला धक्का त्याच्या आधीच बसलेला असतो.

इथे थोडं थांबूया. पेटची तयारी करणाऱ्यांनी असा पेपर वाचताना तीन प्रश्न विचारायची सवय लावून घ्यावी. एक, सॅम्पल किती? या स्कॅनिंगच्या अभ्यासात फक्त १३ जण होते. दोन, मेंदूचा तो भाग सक्रिय झाला म्हणून 'वेदनाच झाली' असं म्हणता येतं का? तो भाग इतरही अनेक कामांत सक्रिय होतो, त्यामुळे असा उलटा निष्कर्ष जपून काढावा लागतो. तीन, अनोळखी माणसांबरोबरच्या काही मिनिटांच्या खेळावरून पंचवीस वर्षं ओळखीच्या मामाबद्दल किती बोलता येईल? मी यातून एवढंच घेते: पहिल्या धक्क्याच्या वेळी वाईट वाटलं म्हणजे आपण हळवे किंवा कोत्या मनाचे आहोत असं नाही, आणि "अगं, त्यांची काहीतरी अडचण असेल" असं कोणी म्हणून तो धक्का लगेच कमीही होत नाही.

विल्यम्स यांच्या मांडणीत या धक्क्यानंतर दुसरा टप्पा येतो, विचार करण्याचा. कारण काय होतं, कोणी केलं, मुद्दाम केलं का, या प्रश्नांना तिथे महत्त्व येतं. ताई आणि माझ्यात फरक पडला तो इथे. तिचं दुखणं आठवड्याभरात ओसरलं, कारण तिच्याकडे कारण होतं. माझ्याकडे मामाचा बंद फोन होता.

गैरहजेरीचे तीन प्रकार

माझं पीएच.डी.चं काम पावसाच्या नोंदींशी संबंधित आहे. पर्जन्यमापकाच्या वहीत किंवा फाईलमध्ये मधल्या जागा रिकाम्या असतात आणि त्यांचं काय करायचं यावर माझे बरेच दिवस गेले आहेत. डोनाल्ड रुबिन या संख्याशास्त्रज्ञाने १९७६ साली 'बायोमेट्रिका'त गहाळ डेटावर पेपर लिहिला. त्यातून पुढे जी वर्गवारी रूढ झाली ती आज प्रत्येक संशोधकाला यावी लागते.

पहिला प्रकार: नोंद निव्वळ योगायोगाने हरवली. वहीचं पान भिजलं. कुठलं पान भिजलं याचा पावसाशी संबंध नाही.

दुसरा प्रकार: नोंद का नाही ते आपल्याकडे असलेल्या दुसऱ्या माहितीवरून कळतं. रविवारी नोंद घेणारा सुट्टीवर असतो. वार आपल्याला माहीत आहे, म्हणून त्या रिकाम्या जागेचा अर्थ लागतो.

तिसरा प्रकार सगळ्यात अवघड: जे मोजायचं होतं त्याच्यामुळेच नोंद गहाळ झाली. पाऊस इतका पडला की यंत्रच बंद पडलं. म्हणजे ज्या दिवसाची नोंद सगळ्यात महत्त्वाची, नेमका तोच दिवस नाही.

आता कार्यालयातल्या तीन रिकाम्या जागा बघा. थोरल्या काकांचं गुडघ्याचं ऑपरेशन पंधरा दिवसांपूर्वी झालं होतं आणि सगळ्यांना ते ठाऊक होतं. हा दुसरा प्रकार. मामाच्या बाबतीत सगळ्यांनी तिसरा प्रकार गृहीत धरला: लग्न पसंत नव्हतं, म्हणून आला नाही. रूममेटच्या बाबतीत मी काय गृहीत धरलं ते पुढे सांगते.

या वर्गवारीत एक गोष्ट मुलं हमखास विसरतात. दुसरा प्रकार आहे की तिसरा, हे फक्त हातातल्या डेटाकडे बघून ठरवता येत नाही. रिकामी जागा दोन्हीकडे सारखीच रिकामी दिसते. त्यासाठी बाहेरून माहिती आणावी लागते. यंत्र ठेवलंय तिथे जावं लागतं, नोंद घेणाऱ्याशी बोलावं लागतं.

मी दोन महिने हेच केलं नव्हतं. रिकाम्या खुर्चीकडे बघून तिचं कारण शोधत होते. लग्नाचा अल्बम उघडायचा, मामाच्या जागी उभे असलेले चुलतमामा बघायचे आणि मागच्या दहा वर्षांतले प्रसंग आठवून पुरावे गोळा करायचे. पुरावे काय, हवे तेवढे मिळतात.

रिकाम्या जागी आपण काय भरतो

डेटात रिकामी जागा राहिली की तिथे अंदाजाने आकडा भरायच्या पद्धती आहेत. त्या नीट वापरल्या तर आपण लिहून ठेवतो की हा आकडा अंदाजाचा आहे. मन असं काही लिहून ठेवत नाही. थोड्या दिवसांनी भरलेला आकडा आणि मोजलेला आकडा यांत फरकच उरत नाही.

शिवाय मनाच्या भरण्याला एक ठरलेला कल असतो. जोन्स आणि हॅरिस यांनी १९६७ साली एक साधा प्रयोग प्रसिद्ध केला. लोकांना फिडेल कॅस्ट्रोच्या बाजूने किंवा विरोधात लिहिलेले निबंध वाचायला दिले. निबंधाची बाजू लिहिणाऱ्याने स्वतः निवडली नव्हती, ती नेमून दिली होती, हे सांगूनही वाचणाऱ्यांचा कल 'लिहिणाऱ्याचं मत असंच असणार' याच बाजूला राहिला. परिस्थिती समोर दिसत असूनही आपण माणसाच्या स्वभावात कारण शोधतो. मग जिथे परिस्थिती दिसतच नाही, तिथे काय होत असेल?

माझ्या रूममेटने मेसेज केला होता, "सॉरी यार, वेळच नाही जमत." मी त्या जागी भरलं: 'हिला आता माझी किंमत नाही.' तीन महिन्यांनी विद्यापीठात भेटली तेव्हा कळलं की तिची फेलोशिप सात महिने थकली होती. तिकीट, आहेर, दोन दिवसांचा खर्च तिला झेपणार नव्हता आणि ते सांगायची तिला लाज वाटली.

या विषयावर ग्रँट डोनेली आणि सहकाऱ्यांचा २०२१चा पेपर आहे. आमंत्रण नाकारताना 'पैसे नाहीत' हे कारण 'वेळ नाही' या कारणापेक्षा जास्त विश्वासार्ह वाटतं, असं त्यांना आढळलं. कारण वेळ माणसाच्या हातात असतो असं ऐकणाऱ्याला वाटतं, पैशाचं तसं वाटत नाही. आणि आपण सगळे नेमकं उलट करतो. खरं कारण पैसा असला तरी वेळेचं नाव पुढे करतो आणि समोरच्याला वाटतं, इच्छा असती तर वेळ काढला असता.

विचारायचं कधी आणि कसं

लगेच विचारू नये, असं मला वाटतं. पहिल्या धक्क्यात विचारलेला प्रश्न हा प्रश्न नसतो, आरोप असतो. "का आला नाहीस?" यात उत्तर आधीच ठरलेलं असतं. प्रश्नावली तयार करताना आपण सूचक प्रश्न टाळतो ना, तसंच.

दुसरी अडचण अशी की न आलेलं माणूसही गप्प असतं. आपण त्या गप्प राहण्याचाही अर्थ लावतो: 'साधा फोनसुद्धा केला नाही.' ज्युलियन गिव्ही आणि कॉलीन कर्क यांचं २०२३च्या शेवटी प्रसिद्ध झालेलं काम इथे उपयोगी पडतं. आमंत्रण नाकारणाऱ्याला वाटतं की बोलावणारा आपल्यावर खूप रागावला असेल. बोलावणाऱ्याला प्रत्यक्षात तेवढा राग आलेला नसतो. कारण नाकारणाऱ्याला वाटतं की समोरच्याला फक्त आपला नकारच दिसेल. बोलावणारा मात्र नकारामागे आपण किती विचार केला असेल, हेही लक्षात घेतो. या प्रयोगांतली आमंत्रणं बहुतेक साधी होती, लग्नाची नव्हती, त्यामुळे ते जसंच्या तसं आपल्याकडे लावू नका. पण एक शक्यता त्यातून नक्की उघडते: ते माणूस बेफिकीर आहे म्हणून गप्प आहे असं नाही, आपण चिडलो असू या भीतीनेही गप्प असेल.

मी पाचव्या महिन्यात मामाला फोन केला. आधी वाक्य कागदावर लिहून घेतलं होतं. "मामा, भांडायला फोन केलेला नाही. त्या दिवशी काय झालं होतं, तेवढं मला सांगा."

थोडा वेळ काही आवाज नाही. मग मामा म्हणाला, "पत्रिका छापून आल्यावर मला तारीख कळली, बाळ. मामाला आधी विचारावं असं कोणाला वाटलं नाही."

हे खरं होतं. माझ्या सिनॉप्सिसच्या धावपळीत आणि कार्यालयाच्या तारखेच्या नादात त्याला आधी सांगायचं राहून गेलं होतं. आईला वाटलं मी सांगितलं, मला वाटलं आईने. मी माफी मागितली.

मग तो म्हणाला, "आणि मला गावात राहायचंय. तुम्ही मंडप सोडून शहरात जाता. मला रोज तोंड दाखवायचं असतं."

उत्तर वाईट निघालं तर

'विचारा म्हणजे गैरसमज दूर होतो' असं मी म्हणत नाहीये. रूममेटच्या बाबतीत तसं झालं. मामाच्या बाबतीत अर्धी चूक आमची निघाली आणि अर्धी शंका खरी निघाली. जात हेही कारण होतंच. यंत्र खरोखरच पावसानेच बंद पडलं होतं.

तरी विचारल्याचा उपयोग झाला. आधी माझ्याकडे एक मोठं, आकार नसलेलं दुखणं होतं: मामाचं माझ्यावर प्रेम नव्हतं. आता दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मानपानात आम्ही चुकलो, त्याची माफी मागता येते. जातीच्या बाबतीत तो लोकांना घाबरला, ते मला पटलेलं नाही आणि मी त्याला तसं सांगितलं, "ते मला पटलं नाही, मामा." तो म्हणाला, "माहीत आहे." आणि मग विचारलं, "जावई बरे आहेत ना?"

वगळलं गेल्यावर चार गोष्टींना धक्का बसतो, अशी विल्यम्स यांची मांडणी आहे: आपलेपणा, स्वतःबद्दलचा आदर, परिस्थितीवरचा ताबा आणि आपल्या असण्याला काही अर्थ आहे ही भावना. यातलं नेमकं काय दुखावलं हे ओळखणं मला उपयोगी पडलं. माझा आपलेपणा दुखावला होता. त्या दिवशी माझं आजोळ आलं नाही असं मी म्हणत होते. पण आजी आली होती, पंच्याऐंशीव्या वर्षी एसटीने. दोन्ही मावश्या आल्या होत्या. आजोळ आलं होतं, मामा आला नव्हता. ही दोन वाक्यं वेगळी आहेत आणि दुसरं वाक्य मला सहन होतं.

जिथे विचारायची सोयच नाही, म्हणजे माणसाने संबंध तोडलाय किंवा उत्तर देत नाही, तिथे काय? तिथे प्रामाणिक संशोधक जे करतो तेच: रिकामी जागा रिकामी ठेवायची, तिथे आकडा भरायचा नाही. 'ते आले नाहीत, कारण मला माहीत नाही' हे वाक्य अपूर्ण वाटतं, पण खोटं नाही.

लिहून काढल्यानेही थोडी मदत होते. पेनेबेकर आणि बीऑल यांनी १९८६ साली लोकांना सलग चार दिवस पंधरा मिनिटं मनातलं लिहायला सांगितलं होतं आणि तिथून या विषयावर शेकडो अभ्यास झाले. २००६ साली १४६ अभ्यास एकत्र करून पाहिलं तेव्हा सरासरी परिणाम सकारात्मक पण लहान निघाला, सहसंबंधाच्या भाषेत सुमारे ०.०७५. म्हणजे चमत्कार नाही, पण फुकट आहे. मी वहीत तीन रकाने केले होते: कोण आलं नाही, मला काय माहीत आहे, मी काय भरलंय. तिसरा रकाना सगळ्यात लांब झाला.

आणि आपण स्वतः

तुम्ही रिसर्चमध्ये येणार असाल तर तुमच्या लग्नाला कोण येणार नाही याच्या आधी तुम्ही कोणाकोणाच्या लग्नाला जाणार नाही याची यादी लांबत जाईल. मी एमएस्सीच्या मैत्रिणीच्या लग्नाला गेले नाही. यंत्रावरचा स्लॉट दोन महिन्यांनी मिळाला होता आणि नेमकी तीच तारीख निघाली. मी तिला काय कळवलं? "वेळ नाही जमत." स्लॉटचं सांगितलं असतं तर तिला कळलं असतं, तीही लॅबमध्ये राहिलेली आहे. तिने त्या जागी काय भरलं असेल कोण जाणे. हा लेख लिहिता लिहिता तिला फोन लावला. उचलला नाही. संध्याकाळी परत लावेन.

जायला जमणार नसेल तर तारीख कळल्या कळल्या सांगा आणि खरं कारण सांगा. आणि तुमचं लग्न ठरलं की पत्रिका छापायच्या आधी मामाला फोन करा.

मामाने दिवाळीला मामीच्या हाती साडी पाठवली. मी ती अजून नेसलेली नाही, पण कपाटात वरच ठेवली आहे.

पुढच्या लेखात मेंदूच्या स्कॅनिंगवरून उलटा निष्कर्ष काढताना काय चुकतं ते सविस्तर बघू. तोपर्यंत गहाळ डेटाचे तीन प्रकार तुमच्या स्वतःच्या विषयातली उदाहरणं घेऊन लिहून बघा, मुलाखतीत हमखास विचारतात.